कंपनी गेली, कागद गेले, तबकड्या उरल्या : ‘यंग इंडिया’चा माग कसा काढायचा

आमचं घर पेणला, आजोळ रोह्याला. दोन वर्षांपूर्वी आजोळच्या घराची कौलं काढायची म्हणून माळा रिकामा केला, तेव्हा गणपतीच्या मखराच्या सामानाखाली गोणपाटात गुंडाळलेल्या सात ग्रामोफोन रेकॉर्डी निघाल्या. सहांवर एचएमव्हीचा ओळखीचा कुत्रा होता. सातवीचं लेबल वाळवीनं अर्धं खाल्लेलं. त्यावर ‘यंग इंडिया’ एवढं वाचता येत होतं, खाली एक आकडा होता, आणि गायकाच्या नावाच्या जागी फक्त ‘मास्टर’. पुढचं नाव वाळवीच्या पोटात.

आमच्या घरात एक गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते : आजीचे मामा मेळ्यात गायचे, आणि एकदा मुंबईला जाऊन ‘एचएमव्हीत गाणं भरून आले’. ती रेकॉर्ड कुणी पाहिलेली नव्हती. आजी आता अठ्ठ्याऐंशीची आहे. तिनं तबकडी हातात घेतली आणि एवढंच विचारलं, “ही मामाची आहे का गं? तू एवढं शिकतेस, सांग.”

माझा पीएचडीचा विषय जुन्या मराठी ध्वनिमुद्रिका हाच. म्हणजे उत्तर देणं माझंच काम होतं. ते देताना मी ज्या चुका केल्या, त्या तुमच्या उपयोगाच्या आहेत असं वाटतं. तुम्ही संगीतावर काम करणार नसाल तरी हरकत नाही. बंद पडलेला छापखाना, नाटक कंपनी, एखादी पतपेढी, ज्या संस्थेनं मागे कागद ठेवले नाहीत तिचा इतिहास लिहायचा तर अडचणी साधारण याच असतात.

आधी ‘यंग इंडिया’ म्हणजे काय ते. मुंबईच्या ‘नॅशनल ग्रामोफोन रेकॉर्ड मॅन्युफॅक्चरिंग कंपनी’चा हा छाप. १९३५ ते १९५५ अशी वीस वर्षं तो चालला. कारखाना वडाळ्याला होता. सिनेमाची गाणी, भावगीतं, शास्त्रीय संगीत, शिक्षणासाठीच्या रेकॉर्डी असं बरंच काही या छापावर निघालं. गाणारे बहुतेक हौशी किंवा नव्यानं पुढे येणारे. त्याचं कारण उघड आहे. नावाजलेले कलाकार मोठ्या कंपनीशी करारानं बांधलेले असायचे. नव्या कंपनीच्या वाट्याला उरायचे ते नाव नसलेले लोक. आजीचे मामा नेमके त्याच वर्गातले.

इथे थोडं थांबून ‘स्वतंत्र कंपनी’ या शब्दाकडे पाहू, कारण माझी पहिली गडबड तिथेच झाली. मी संशोधनाच्या आराखड्यात सरळ लिहून टाकलं होतं की १९३०च्या दशकात हिंदुस्थानात अनेक स्वतंत्र रेकॉर्ड कंपन्या निघाल्या. मार्गदर्शकांनी समासात एकच प्रश्न लिहिला : “कशापासून स्वतंत्र?”

रेकॉर्डच्या धंद्यात तीन वेगळ्या गोष्टी असतात. एक छाप, म्हणजे लेबलवरचं नाव आणि चित्र. दुसरी कंपनी, जी कलाकार निवडते, पैसे घालते, माल विकते. तिसरा कारखाना, जिथे तबकडी प्रत्यक्ष दाबली जाते. आपण बोलताना हे तिन्ही एकच धरतो. कलकत्त्याच्या ‘मेगाफोन’सारख्या कंपन्यांनी स्वतःचा छाप काढला, स्वतःचे कलाकार उभे केले, पण तबकड्या दाबून घेतल्या त्या डमडमला, ग्रामोफोन कंपनीच्याच कारखान्यात. म्हणजे ज्याच्याशी स्पर्धा त्याच्याच यंत्रावर माल तयार होणार. ‘यंग इंडिया’नं वडाळ्याला आपला कारखाना घातला, आणि म्हणून ती या धंद्यात वेगळी ठरते.

कारखाना घालणं किती अवघड होतं हे समजायला तबकडी कशी व्हायची ते माहीत हवं. गायक कर्ण्यासमोर, पुढच्या काळात मायक्रोफोनसमोर, तीन-सव्वातीन मिनिटं गायचा आणि मेणाच्या जाड चकतीवर सुई खाच पाडत जायची. चुकलं तर सगळं पुन्हा. त्या मेणावर विजेच्या साहाय्यानं धातूचा थर चढवायचा, तो सोलून उलटा साचा काढायचा, त्यावरून सुलटा, त्यावरून पुन्हा उलटा. हा शेवटचा साचा दाबयंत्रात बसायचा. मग लाख, दगडाची भुकटी, काजळी असं मिश्रण गरम करून त्याचा गोळा दोन साच्यांमध्ये ठेवायचा, वाफेनं तापवून दाबायचा, पाण्यानं थंड करायचा. लाख आपल्याच देशातली, छोटा नागपूरच्या जंगलातली. बाकी यंत्रं, रसायनं आणि ती हाताळणारी माणसं मिळवणं हाच खरा डोंगर. (हो, तबकडी लाखेची असते. म्हणून ती स्पिरिटनं पुसायला जाऊ नका. लाख स्पिरिटमध्ये विरघळते. माझ्या ओळखीच्या एका मुलानं पूर्ण बाजू अशीच साफ केली, कायमची.)

आता तुलनेसाठी जरा लांब जाऊ. छोट्या रेकॉर्ड कंपनीचा इतिहास कसा लिहितात याचा सगळ्यात जास्त अभ्यास झालाय तो जॅझच्या कंपन्यांचा, आणि त्यातही न्यूयॉर्कच्या ‘ब्लू नोट’चा. बर्लिनमध्ये वाढलेला आल्फ्रेड लायन हा जॅझवेडा तरुण आणि मॅक्स मार्गुलिस यांनी १९३९ साली ती सुरू केली. पुढे लायनचा बालमित्र, छायाचित्रकार फ्रान्सिस वुल्फ येऊन मिळाला. सुरुवातीला अल्बर्ट अमन्स आणि मीड लक्स लुइस या दोन पियानोवादकांना एका दिवसासाठी स्टुडिओत बसवलं. एवढ्यावर कंपनी उभी राहिली. जॅझ मुंबईलाही अनोळखी नव्हता बरं का. ज्या १९३५ साली ‘यंग इंडिया’ निघाली, त्याच साली लिऑन ॲबीचा आफ्रिकन-अमेरिकन बँड ताजमहाल हॉटेलात वाजवायला आला. गोव्याच्या वादकांनी ती कला उचलली, चिक चॉकलेटसारखे ट्रम्पेटवाले त्यातून तयार झाले, आणि १९५१च्या ‘अलबेला’त आपल्या सी. रामचंद्रांच्या गाण्यांत तो बाज घराघरांत पोचला. पण मुंबईच्या जॅझच्या ज्या रेकॉर्डी निघाल्या त्या परदेशी कंपन्यांच्या छापांवर.

‘ब्लू नोट’कडे कारखाना कधीच नव्हता. तिच्या तबकड्या दुसरीकडे, बरीच वर्षं ‘प्लास्टिलाइट’ नावाच्या कारखान्यात, दाबल्या जायच्या. मग माझ्या व्याख्येनं ती ‘मेगाफोन’च्या रांगेत बसते, ‘यंग इंडिया’च्या नाही. तरी जग तिला स्वतंत्र म्हणतं, कारण काय मुद्रित करायचं ते लायन ठरवायचा. तेव्हा ‘स्वतंत्र’ हा शब्द तुमच्या प्रबंधात आला की शेजारी लिहा : निवडीत स्वतंत्र, भांडवलात स्वतंत्र, की उत्पादनात? तिन्ही एकत्र फार थोड्यांना जमलं.

दोघींच्या शेवटातला फरक मला जास्त विचार करायला लावतो. लायननं १९६५ साली ‘ब्लू नोट’ लिबर्टी कंपनीला विकली. ती पुढे युनायटेड आर्टिस्ट्सकडे आणि १९७९ साली ईएमआयकडे गेली. (ईएमआय म्हणजे डमडमच्या कारखान्याचीही मालक. न्यूयॉर्कची छोटी जॅझ कंपनी आणि आपला एचएमव्हीचा कुत्रा शेवटी एकाच घरात आले.) चाहत्यांना विक्रीचं दुःख झालं असेल, पण विकली गेली म्हणून तिच्या टेपा आणि नोंदवह्या कुणाच्या तरी मालकीच्या राहिल्या. १९७५नंतर मायकेल कस्कुना हा अभ्यासक त्या गोदामात शिरला आणि कधीच प्रसिद्ध न झालेली मुद्रणं त्यानं एकेक करून बाहेर काढली. ‘यंग इंडिया’ १९५५ला बंद पडली. मागे सांभाळणारा वारस नाही, मध्यवर्ती संग्रह नाही.

शिवाय कायद्याचाही आधार नाही. १९३६ सालचं एखादं मराठी पुस्तक शोधायचं असेल तर १८६७च्या कायद्यामुळे सरकारी नोंद तरी सापडण्याची शक्यता असते, आणि १९५४च्या कायद्यानंतर पुस्तकाच्या प्रती ठरावीक ग्रंथालयांत पाठवणं बंधनकारक झालं. दोन्ही कायदे छापील मजकुराचे. रेकॉर्ड त्यांत बसतच नाही. त्यामुळे तबकडी टिकली ती फक्त माळ्यावर, जुन्या बाजारात आणि संग्राहकांच्या कपाटात.

संग्राहकांचं नाव निघालंच आहे तर सांगते : या विषयात आपण सगळे त्यांच्या खांद्यावर उभे आहोत. १९९० साली मुंबईत ‘सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स’ सुरू झाली. तिचे सुरेश चांदवणकर यांनी ‘यंग इंडिया’वर काम केलं, आणि ब्रिटिश लायब्ररीच्या ‘एन्डेंजर्ड अर्काइव्ज प्रोग्राम’च्या मदतीनं या छापाच्या रेकॉर्डी आणि जोडीला कॅटलॉग, जाहिरात-पत्रकं यांचं डिजिटायझेशन झालं. मायकेल किनिअर या ऑस्ट्रेलियन अभ्यासकानं हिंदुस्थानातल्या छापांच्या याद्या करण्यात आयुष्य घातलं. विद्यापीठांत या विषयाला जागा नव्हती तेव्हाचं हे काम आहे. संग्राहकाकडे जाताना “डेटा द्या” अशा सुरात जाऊ नका. आपली तबकडी घेऊन जा, चहा घ्या, त्यांचं ऐका.

आता माझी मोठी चूक. लेबलवरचा आकडा वाचता येत होता. माझ्याकडे त्याच छापाच्या दोन रेकॉर्डींची सालं होती, एकीचा आकडा थोडा लहान, दुसरीचा थोडा मोठा. मी मध्ये रेघ ओढली आणि साल ठरवलं : १९३६. विभागातल्या सेमिनारमध्ये ते स्लाइडवर ठळक अक्षरांत दाखवलं. आईला फोन करून सांगितलं. आईनं रोह्याला सांगितलं. मामेभावानं तेवढ्यात कुटुंबाच्या स्मरणिकेसाठी मजकूरही तयार केला : ‘१९३६ साली रेकॉर्ड काढणारे रोह्याचे पहिले गायक’. ‘पहिले’ हे माझं नव्हतं, पण १९३६ माझंच होतं.

चूक कुठे झाली? तबकडीवर साधारणपणे दोन वेगवेगळे आकडे असतात. लेबलवर छापलेला आकडा विक्रीचा. दुकानदार तो सांगून माल मागवायचा. दुसरा आकडा लेबलच्या कडेला, खाच संपते त्या गुळगुळीत पट्ट्यात कोरलेला असतो. तो मुद्रणाचा, म्हणजे मेणाच्या चकतीचा. विक्रीचे आकडे कंपनी गटागटानं राखून ठेवते : हा गट मराठीसाठी, हा गुजरातीसाठी, हा सिनेमासाठी. एक गट भरायला दहा वर्षं लागतात, दुसरा दोन वर्षांत संपतो. म्हणून शेजारच्या आकड्याची रेकॉर्ड शेजारच्या महिन्यातली असेलच असं नाही. उलट दोन बाजूंचे मुद्रणाचे आकडे एकमेकांपासून लांब असतील, तर दोन गाणी वेगवेगळ्या वेळी भरलेली असण्याची शक्यता मोठी.

हे ‘ब्लू नोट’वाल्यांना केव्हाच ठाऊक आहे. ली मॉर्गनचं ‘टॉम कॅट’ १९६४ साली मुद्रित झालं आणि बाजारात आलं १९८० साली. तिथले संग्राहक साल ठरवताना लेबलवरचा कंपनीचा पत्ता बघतात, कारण कंपनीनं जागा बदलली की लेबलवरची ओळ बदलायची. आणि तबकडी तिरकी धरून गुळगुळीत पट्ट्यात ‘प्लास्टिलाइट’ची कानाच्या आकाराची खूण शोधतात. मीही आमची तबकडी खिडकीशी तिरकी धरली. दोन्ही बाजूंना आकडे होते, आणि ते माझ्या १९३६शी जुळणाऱ्या मुद्रणांपेक्षा बरेच पुढचे होते. कोरलेले आकडे बघायला मला सहा महिने लागले. वाळवीनं खाल्लेल्या कागदाकडे बघत बसले आणि वाळवी जे खाऊ शकत नाही ते बघितलंच नाही.

स्मरणिका छापून झाली होती. त्यात १९३६ आहे. ते आता कुणीतरी कुठेतरी उद्धृत करेल, आणि त्याला आधार म्हणून मीच असेन.

पुढचा टप्पा नावाचा. शोधायची साधनं थोडक्यात सांगते, कारण ती प्रत्येकाला वेगळी लागतात. जुनी वृत्तपत्रं आणि मासिकं, त्यांतल्या जाहिराती. नभोवाणीचे छापील कार्यक्रम, कारण हौशी गायक तिथेही जात. एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतलं राज्य पुराभिलेखागार. आणि दोन युक्त्या. इंटरनेटवर ‘यंग इंडिया’ शोधलंत तर पहिली शंभर पानं गांधीजींच्या साप्ताहिकाची येतील. म्हणून कंपनीचं पूर्ण नाव घाला. दुसरी, रायगड जिल्हा हे नाव १९८१पासूनचं. त्याआधीचं पेण आणि रोहे शोधायचं तर ‘कुलाबा जिल्हा’ असं शोधा, आणि मुंबईतला कुलाबा त्यातून वेगळा काढत बसायची तयारी ठेवा.

गावाचा भूगोलही पुरावा असतो. रेल्वे आमच्याकडे यायला फार उशीर झाला. रोह्यापर्यंत ती आली १९८०च्या दशकात. तेव्हा मुंबईला जायचं म्हणजे धरमतरला येऊन लाँच पकडायची, आणि पावसाळ्यात समुद्र खवळला की तेही राम भरोसे. घरची गोष्ट ‘ऐन श्रावणात गेले होते’ असं सांगते. मी ते खोटं म्हणत नाही, फक्त त्यापुढे प्रश्नचिन्ह ठेवते. ‘एचएमव्ही’चंही तसंच. आजीच्या पिढीला कुठलीही रेकॉर्ड एचएमव्हीच, जसं कुठलंही वनस्पती तूप डालडा. तोंडी साक्षीतला तो शब्द ‘रेकॉर्ड’ या अर्थानं वाचायचा असतो. तो शब्दशः धरला असता तर मी ‘यंग इंडिया’ची तबकडी पहिल्याच दिवशी बाजूला टाकली असती.

शेवटी एका संग्राहकाकडच्या पत्रकांच्या गठ्ठ्यात आमचा विक्रीचा आकडा सापडला. समोर दोन गाण्यांचे शब्द, आणि गायकाचं नाव. ‘मास्टर’ आणि पुढे एक नाव. ते मामांचं नाव नव्हतं. आडनावाचा पत्ता नाही.

रोह्याला जाऊन आजीला सांगण्याआधी मी तबकडीचं डिजिटल रूपांतर करून घेतलं होतं. ते मोबाइलवर लावलं. आजीनं अर्धं कडवं ऐकलं आणि मान हलवली. “हा कुणी बारीक आवाजाचा पोरगा आहे. मामा नाही.” कागद नाही म्हणतो, आजी नाही म्हणते. प्रकरण संपलं असं मला वाटलं.

ते संपलं नाही याचं कारण पेटी. गाण्यातल्या पेटीशी मी घरची पेटी जुळवून बघत होते, सहज, कारण मला सुरुवातीचे सूर उतरवून घ्यायचे होते. ते कुठल्याच पट्टीत बसेनात. काळी एक आणि पांढरी दोन यांच्या मध्ये कुठेतरी लोंबकळत होते. ‘७८ फेरे’ हा आकडा आपण वेदवाक्य धरतो, पण मुद्रण करताना यंत्र नेमकं तेवढंच फिरत असेल याची खात्री नसते, आणि आज वाजवताना आपलं यंत्र किती फिरतं याचीही नसते. फेरे अंदाजे सहा टक्क्यांनी वाढले की अख्खी एक पट्टी चढते. गाणं जलद होतं, आणि आवाज बारीक, पोरसवदा होतो. रूपांतर करणाऱ्यानं फेरे मोजले नव्हते. मीही विचारलं नव्हतं. गती थोडी थोडी उतरवत पेटी काळी एकला नीट लागेपर्यंत आणली. पेट्या तेव्हाही सगळ्या एकाच सुरात नव्हत्या, त्यामुळे हा पुरावा पक्का नाही, पण दोन पट्ट्यांच्या मध्ये अडकलेल्या सुरापेक्षा बरा.

पुन्हा रोह्याला गेले. काही न सांगता लावलं. या वेळी आजीनं पूर्ण बाजू ऐकली. मग म्हणाली, “परत लाव.” दुसऱ्यांदा संपल्यावर म्हणाली, “मामाच. शेवटचा शब्द ओढून मग खाली सोडायची त्याची सवय. भजनात पण असंच करायचा, आई रागवायची.”

मी तिला पत्रकातलं नाव सांगितलं. ती म्हणाली, “घाबरला असेल. वडील होते ना तेव्हा.”

हे अशक्य नाही. गंगूबाई हनगल यांच्या सुरुवातीच्या रेकॉर्डी ‘गांधारी हुबळी’ या नावानं निघाल्या होत्या. रेकॉर्डवर नाव बदलणं ही त्या काळातली ओळखीची गोष्ट आहे. पण शक्य असणं आणि घडलेलं असणं यांत अंतर आहे, आणि आजीनं ते ऐकलं तेव्हा तिला माहीत होतं की मला काय ऐकायचंय. मी न सांगता लावलं तरी माझा चेहरा तिला पाठ आहे. नीट करायचं तर त्याच काळातल्या चार-पाच अनोळखी गायकांचे आवाज एकत्र करून, दुसऱ्या कुणीतरी, मी घरात नसताना तिला ऐकवायला हवे होते. आता ते करून उपयोग नाही, तिनं हा आवाज ओळखलाय.

हे मुद्रण तुम्हाला ऐकवता येईल का, असं विचाराल. आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रसिद्धीनंतर ६० वर्षं टिकतो, म्हणजे १९५५पर्यंतच्या ‘यंग इंडिया’च्या तबकड्या त्यातून सुटल्या आहेत. पण गाण्याचे शब्द आणि चाल यांचा हक्क वेगळा. तो कवी आणि संगीतकार यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षांपर्यंत चालतो, आणि पत्रकात कवीचं नाव दिलेलं नाही. म्हणून अजून ऐकवत नाही.

प्रबंधाच्या परिशिष्टात प्रत्येक तबकडीची एक ओळ आहे. आमच्या तबकडीच्या ओळीत सालाच्या रकान्यातून १९३६ काढून ‘१९३५–५५ दरम्यान, मुद्रण-क्रमांकानुसार उत्तरार्धाकडचं’ असं घातलंय. गायकाच्या रकान्यात पत्रकातलं नाव आहे. शेरा या रकान्यात लिहिलंय : ‘कुटुंबातील साक्षीनुसार रोहे येथील हौशी गायक, साक्ष गती दुरुस्त केल्यानंतरची, चाचणी आंधळी नव्हती.’ मार्गदर्शकांनी यातला शेवटचा तुकडा अधोरेखित करून ‘ठेवा’ असं लिहिलंय. मामेभावाला स्मरणिकेची शुद्धिपत्रिका काढायला सांगितली आहे. त्यानं अजून काढलेली नाही.